नाच्याचे देणे

मराठी तमाशापटाचा इतिहास आपण साधारणपणे दिग्दर्शक, नायिका आणि संगीतकार यांच्या नावांनी सांगतो. 'रामजोशी' (१९४७) पासून सुरू झालेली ही परंपरा अनंत माने यांच्या 'सांगत्ये ऐका' (१९५९) आणि 'सवाल माझा ऐका' (१९६४) या चित्रपटांनी लोकमान्य केली, जयश्री गडकरांनी तिला चेहरा दिला, वसंत पवारांनी चाली दिल्या. हे सारे खरेच आहे. पण या चित्रपटांतला फड ज्याच्याशिवाय उभाच राहत नाही, त्या नाच्याचे काय? ही भूमिका वर्षानुवर्षे करणारे कोल्हापूरचे गणपत पाटील मार्च २००८ मध्ये गेले. प्रेक्षकांना ते पाठ होते. समीक्षेने मात्र त्यांची दखल जवळजवळ घेतलीच नाही. माझ्या मते ही केवळ एका नटाची उपेक्षा नाही, आपल्या अभिरुचीतला एक जुना भेद त्यातून उघडा पडतो.

पुरुषाने स्त्रीत्व धारण करणे मराठी रंगभूमीला परके नाही. नारायण श्रीपाद राजहंस बालगंधर्व झाले, आणि त्यांच्या शालूची, चालण्याची, लाजण्याची नक्कल घरंदाज स्त्रिया करू लागल्या. नाच्याही बायकी हावभाव करतो, पण त्याच्या वाट्याला खिदळणे येते. हा फरक कशामुळे? एक कारण उघड आहे. संगीत नाटक पांढरपेशांचे होते, तमाशा बहुजनांचा. जातीची आणि वर्गाची उतरंड कलेच्या मूल्यमापनातही शिरली. दुसरे कारण कलेच्या अंगाने जाणारे आहे. बालगंधर्व आपल्यातला पुरुष झाकून टाकत. नाच्या तो झाकत नाही. पुरुषाचे शरीर आणि स्त्रीची लकब तो एकाच वेळी समोर ठेवतो. हे दुहेरीपण प्रेक्षकाला अस्वस्थ करते, आणि ती अस्वस्थता तो हसून घालवतो.

गणपत पाटलांचे काम या दुहेरीपणावर उभे होते. 'केला इशारा जाता जाता' (१९६५) सारख्या चित्रपटात नाच्या केवळ विनोदापुरता येत नाही. नर्तकीला जे उघड बोलता येत नाही ते तो बोलतो. पुढे सरसावणाऱ्या रंगेल पाहुण्याला तो शब्दांत अडवतो. फडातली आणि फडाबाहेरची अशा दोन दुनियांमध्ये निरोप्या होतो. गौळणीतली मावशी जे करते, तेच तो पडद्यावर करतो. हे काम साच्यातले आहे हे मान्य. परंतु लोककलेत साचा हा दोष नसतो, तो करार असतो. त्या कराराच्या आत लय आणि नेमका क्षण सांभाळणे हेच नटाचे कसब.

या साच्याची किंमत मात्र नटाला मोजावी लागली. पडद्याबाहेर पाटील संसारी गृहस्थ होते, तरी लोकांनी भूमिका आणि माणूस यांत अंतर ठेवले नाही. इथे निळू फुले यांची तुलना उपयोगी पडते. 'एक गाव बारा भानगडी' (१९६८) पासून तेही खलनायकाच्या साच्यात अडकू शकले असते, किंबहुना पुष्कळसे अडकलेही. पण त्यांना 'सखाराम बाइंडर' (१९७२) आणि 'सामना' (१९७५) मिळाले. तेंडुलकरांसारख्या लेखकाने त्यांच्या वकुबाला पुरेल असे लिहिले. गणपत पाटलांच्या नाच्याला असा लेखक लाभला नाही. गुणवत्तेची चर्चा करताना हा संधीचा हिशेब आपण विसरतो.

परभाषेतले उदाहरण द्यायचे तर सर्जिओ लिओनी यांच्या १९६४ ते १९६६ या काळातील तीन वेस्टर्नपटांचे देता येईल. तिन्हींत दिसणारा धिप्पाड मारिओ ब्रेगा नायक कधीच नव्हता, तरी त्या चित्रपटांचे रसिक त्याला नावाने ओळखतात. लोकप्रिय चित्रप्रकार असा पुन्हा पुन्हा दिसणाऱ्या चेहऱ्यांवर उभा असतो, हे त्यांनी ओळखले आहे.

आपल्याकडे नाच्याची वेदना साहित्याने ओळखली. आनंद यादवांची 'नटरंग' ही कादंबरी आपण वर्गात शिकवतो. आचोळे, नालासोपारा या भागांतून आमच्याकडे येणाऱ्या मुलांना २०१० चा 'नटरंग' चित्रपटही ठाऊक असतो. कादंबरीतल्या गुणासाठी त्यांचे डोळे पाणावतात. जुन्या चित्रपटातले गणपत पाटील दाखवले की तीच मुले हसतात. या विसंगतीकडे लक्ष वेधणे हे शिक्षकाचे काम आहे, असे मला वाटते.

यावर एक रास्त आक्षेप घेता येईल. पडद्यावरच्या नाच्याला हसण्याच्या सवयीने बायकी वळणाच्या कित्येक मुलांचे शाळेतले, गल्लीतले जगणे असह्य केले. हे नाकारण्यात अर्थ नाही. पण म्हणून त्या भूमिका अडगळीत टाकणे हा उपाय नव्हे. हसू कुठून येते हे तपासायचे, तर नाच्याकडे आधी नीट पाहावे लागेल. 'नटरंग' शिकवताना एक तास गणपत पाटलांना द्यावा. कादंबरीने दिलेली करुणा त्या नटापर्यंत पोहोचली नाही, तर ती फक्त कागदावरच्या माणसासाठी होती असे म्हणावे लागेल.