विश्लेषण : बाइक टॅक्सी नंबरप्लेटपाशी का अडते?

जुलै २०२५ मध्ये परिवहनमंत्री प्रताप सरनाईक यांनी दुसऱ्याच नावाने ॲपवरून बाइक टॅक्सी मागवली. मुंबईत अशी सेवा अधिकृतपणे सुरू नाही, असे परिवहन खाते सांगत होते. तरी दुचाकी काही मिनिटांत मंत्रालयाजवळ हजर झाली. चालकाला सोडून कंपनीवर कारवाईची भाषा झाली, चित्रफीत व्हायरल झाली. ती दुचाकी आरटीओच्या दफ्तरी कोणत्या वर्गात नोंदलेली होती, हे मात्र फारसे कोणी विचारले नाही. न्यायालयांतली भांडणे त्याच प्रश्नाभोवती फिरत आहेत.

कायदा काय म्हणतो?

मोटार वाहन कायद्यानुसार भाड्याने प्रवासी नेणारे वाहन ‘परिवहन’ वर्गात नोंदवावे लागते. त्याची पाटी पिवळी, अक्षरे काळी. फिटनेस, परवाना, विमा हे सारे वेगळे. घरच्या दुचाकीला पांढरी पाटी असते. इलेक्ट्रिक वाहनाची पाटी हिरवीच, पण व्यावसायिक असेल तर अक्षरे पिवळी.

दुचाकीला या वर्गात जागाच नाही, असा समज आहे. तो चुकीचा आहे. मागे एक प्रवासी बसवून भाड्याने चालणारी मोटारसायकल परिवहन वर्गातली, असे केंद्राच्या ५ नोव्हेंबर २००४ च्या अधिसूचनेतच नमूद आहे. केंद्राने दार ठेवले. ते उघडायचे की नाही हे राज्यांच्या हाती राहिले, आणि अनेक राज्यांनी ते बंदच ठेवले.

न्यायालयांत काय घडले?

२०१९ च्या दुरुस्तीनंतर ॲप कंपनीलाही राज्याचा परवाना सक्तीचा झाला. पुण्यात रॅपिडोचा अर्ज डिसेंबर २०२२ मध्ये फेटाळला गेला. जानेवारी २०२३ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने परवान्याविना सेवा चालवता येणार नाही, असे बजावले. त्याच महिन्यात राज्याने खासगी वाहनांच्या अशा वापरावर बंदीची अधिसूचना काढली. फेब्रुवारीत सर्वोच्च न्यायालयातही कंपनीला दिलासा मिळाला नाही.

नोंदणीचा मुद्दा थेट लढला गेला तो कर्नाटकात. दुचाक्या परिवहन वर्गात नोंदवा, ही कंपन्यांची मागणी होती. एप्रिल २०२५ मध्ये एकल पीठाने तसा आदेश देण्यास नकार देत, नियम होईपर्यंत सेवा थांबवण्यास सांगितले. जानेवारी २०२६ मध्ये खंडपीठाने तो निर्णय फिरवला. दुचाकीमालक नोंदणीसाठी अर्ज करू शकतात आणि केवळ दुचाकी आहे म्हणून तो नाकारता येणार नाही, असा त्याचा आशय.

महाराष्ट्राने काय केले?

मधला मार्ग काढला. २०२५ च्या धोरणात एक लाखाहून अधिक लोकसंख्येच्या शहरांत १५ किलोमीटरपर्यंत बाइक टॅक्सीला मुभा मिळाली, पण ती फक्त इलेक्ट्रिक दुचाकीला. प्रदूषणाचे कारण पटण्यासारखे आहे. मात्र हप्त्यावर पेट्रोल दुचाकी घेऊन रोजची कमाई करणारा तरुण पिवळ्या पाटीसाठी पैसे भरायला तयार असला, तरी त्याला रस्ताच नाही. केंद्राच्या जुलै २०२५ च्या मार्गदर्शक सूचनांनी खासगी दुचाक्यांनाही परवानगी देण्याचा अधिकार राज्यांना दिला आहे. तो वापरायचा नसेल, तर निदान नोंदणी तरी खुली करावी. रिक्षा संघटनांचा रागही त्यामुळे निवळेल. बॅज, परमिट, पासिंग यांचा खर्च आम्ही करायचा आणि पांढऱ्या पाटीने प्रवासी पळवायचे, ही त्यांची तक्रार खोटी नाही.

अपघात झाला तर?

खरा धोका इथे आहे. खासगी दुचाकीच्या विम्यात भाड्याने वापर वगळलेला असतो. परवान्याविना वाहन चालवणे हा कायद्याचा मूलभूत भंग ठरतो, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये अमृत पॉल सिंग प्रकरणात म्हटले. विमा कंपनीने भरपाई आधी द्यायची आणि नंतर वाहनमालकाकडून वसूल करायची, असा आदेश त्या प्रकरणात कायम राहिला. बाइक टॅक्सीत मालक म्हणजे बहुतेक वेळा हँडल धरणारा तोच तरुण. तो ती रक्कम कुठून आणणार? आणि मागे बसलेल्याचा दावा विमा कंपनीने नाकारला, तर जखमी प्रवाशालाच न्यायाधिकरणाच्या पायऱ्या झिजवाव्या लागतील.

बुकिंगनंतर ॲपवर गाडीचा क्रमांक येतो. तो ‘एमपरिवहन’वर टाकला की वाहनाचा वर्ग आणि विम्याची मुदत दिसते. हीच माहिती कंपन्यांनी क्रमांकाशेजारी द्यावी, एवढी अट परवान्यात घालायला राज्याला कोणत्याही निकालाची वाट पाहावी लागत नाही.