कात्रीमागचा कर्ता

खामगाव, मलकापूर, चिखली येथील चित्रगृहांत ज्या पिढीने ‘मेरा गाँव मेरा देश’, ‘आँधी’ आणि ‘कर्ज’ पाहिले, तिला धर्मेंद्र, सुचित्रा सेन, ऋषी कपूर यांच्या मुद्रा आजही स्मरतात. परंतु या तिन्ही चित्रपटांचे संकलन ज्यांच्या हातून झाले, त्या वामन भोसले यांचे नाव आमच्या बुलढाणा जिल्ह्यात क्वचितच कोणी घेतो, आणि यात कसूर प्रेक्षकाची नसून नोंद ठेवणाऱ्यांची आहे, असे माझे स्पष्ट मत आहे.

गोव्याहून मुंबईस आलेले भोसले १९५२ मध्ये बॉम्बे टॉकीजमध्ये संकलक दत्ताराम पै यांच्या हाताखाली दाखल झाले. हिमांशु राय व देविकाराणी यांनी १९३४ मध्ये मालाडला उभारलेल्या या संस्थेत म्युनिकचे दिग्दर्शक फ्रान्झ ऑस्टेन आणि छायालेखक जोसेफ विर्शिंग यांनी कामाच्या शिस्तीचा पाया घातला होता. पुढे महायुद्ध पेटले, जर्मन मंडळी नजरकैदेत गेली, तरीही चित्रपट निघतच राहिले, कारण तोवर एतद्देशीय कारागिरांनी ती विद्या आत्मसात केली होती. परकीय गुरू दूर झाल्यावरही विद्या टिकून राहावी आणि ती हातोहात पुढील पिढीकडे जावी, ही घटना कोणत्याही तारांकित नामावळीहून मला अधिक मोलाची वाटते.

त्या काळी पस्तीस मिलिमीटरच्या फितीत सेकंदाला २४ चौकटी धावत आणि एका मिनिटास ९० फूट फीत खर्ची पडे. मूव्हिओला यंत्रावर ती मागेपुढे फिरवीत, नको तो भाग कापून उरलेला सांधायचा, आणि हे करताना नटाची नजर वळण्यापूर्वी तोडावे की वळल्यावर, याचा निर्णय दोन-चार चौकटींच्या अंतरात घ्यावयाचा. ‘आँधी’मध्ये दुरावलेल्या पतिपत्नींचा वर्तमानकाळ आणि त्यांचा भूतकाळ एकमेकांत असे मिसळतात, की प्रेक्षकाला सांधा जाणवत नाही, केवळ वियोग जाणवतो. सहकारी गुरुदत्त शिराळी यांच्यासह भोसले यांनी केलेले ते काम आहे. काढून टाकलेले दृश्य कोणासही दिसत नसल्यामुळे संकलकाच्या गुणवत्तेचा पुरावा त्याच्या कृतीतच लुप्त होतो; म्हणूनच त्याच्या नावाची नोंद अन्य कोणाहूनही अधिक काळजीपूर्वक झाली पाहिजे.

शासनाने ती एकदा केली: ‘इन्कार’ या १९७७ च्या चित्रपटासाठी भोसले यांना संकलनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. २६ एप्रिल २०२१ रोजी, करोनाच्या हाहाकारात, ते निवर्तले.

आज मेहकर वा देऊळगाव राजाकडचा लग्नाचे शूटिंग करणारा तरुण ‘एडिटिंग’वर रात्री जागवतो, मोबाइलवर चित्रफिती जोडतो, आणि आपल्या व्यवसायाला पूर्वज आहेत याची त्यास वार्ताही नसते. वाहिन्यांनी जुन्या चित्रपटांची श्रेयनामावली कापणे थांबवावे, वृत्तपत्रांनी प्रत्येक परीक्षणात संकलकाचे नाव छापावे, आणि आमच्या जिल्ह्यातील महाविद्यालयांनी ‘आँधी’चे एखादे प्रकरण पडद्यावर थांबवत थांबवत दाखवून, कोठे कापले आणि का, याची चर्चा विद्यार्थ्यांकडूनच करवून घ्यावी, यास स्वतंत्र निधीची वा शासकीय मंजुरीची गरज नाही, येत्या सत्रापासूनच तो पाठ सुरू करता येईल.