सहाय्यक कोण, प्रमुख कोण?

१९१३ साली बाबासाहेब न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात शिकायला गेले. त्या विद्यापीठाच्या दारावरून जाणाऱ्या रस्त्याचे नाव ब्रॉडवे. हाच रस्ता दक्षिणेकडे टाइम्स स्क्वेअरला पोहोचतो आणि तिथे त्याच्या आजूबाजूला अमेरिकेतील नावाजलेली व्यावसायिक नाट्यगृहे आहेत. या नाट्यगृहांतील नाटकांना १९४७ पासून टोनी पुरस्कार दिले जातात. नाटकातील सर्वोत्कृष्ट प्रमुख अभिनेत्री हा त्यातला फार मानाचा पुरस्कार. पहिल्याच वर्षी तो इन्ग्रिड बर्गमन आणि हेलन हेज या दोघींना मिळाला.

आता आम्ही एकच प्रश्न विचारतो. हा पुरस्कार कृष्णवर्णीय स्त्रीला पहिल्यांदा कधी मिळाला? २००४ साली. म्हणजे सत्तावन्न वर्षांनी!

मेरिटची जपमाळ ओढणाऱ्यांनी याचे उत्तर द्यावे. सत्तावन्न वर्षे त्या देशातील एकाही कृष्णवर्णीय स्त्रीला अभिनय येत नव्हता काय? गाणे येत होते, नाच येत होता, दुसऱ्याच्या घरातली मोलकरीण रंगवता येत होती. फक्त नाटकाची नायिका होता येत नव्हते, असे मानायचे काय?

२००४ साली ज्या भूमिकेसाठी फिलिशिया रशाद यांना हा पुरस्कार मिळाला, तिची गोष्ट आमच्या कार्यकर्त्यांनी मुद्दाम समजून घ्यावी. नाटक होते 'अ रेझिन इन द सन'. लेखिका लोरेन हान्सबेरी. १९५९ साली हे नाटक ब्रॉडवेवर आले. तिथे सादर झालेले कृष्णवर्णीय स्त्रीचे हे पहिले नाटक. तेव्हा लेखिका होती अवघी २८ वर्षांची. नाटक उभे करायला पैसा लावणारे मिळेनात, त्यातच वर्षाहून अधिक काळ गेला.

आणि नाटकाचा विषय काय? घर! शिकागोतील एक कृष्णवर्णीय कुटुंब विम्याच्या पैशातून गोऱ्या वस्तीत घर घेते. वस्तीचा प्रतिनिधी गोड बोलत येतो आणि सांगतो, आम्ही तुम्हाला पैसे देतो, पण इथे राहायला येऊ नका. लेखिकेच्या वडिलांनी स्वतः असे घर घेतले होते आणि ती लढाई अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेली होती. ज्या बाबासाहेबांना परदेशातून शिकून आल्यावर बडोद्यात राहायला खोली मिळाली नाही, त्यांच्या लेकरांना हे नाटक समजावून सांगायला नको. आडनाव विचारून फ्लॅट नाकारणारी शहरे आम्ही आजही पाहतो.

या नाटकातली आई, लीना यंगर, १९५९ साली क्लॉडिया मॅकनील यांनी केली. १९६० च्या टोनीसाठी त्यांना नामांकन मिळाले, पुरस्कार मिळाला नाही. तो अ‍ॅन बॅन्क्रॉफ्ट यांना गेला. त्या वर्षी अन्याय झाला असे आम्ही म्हणत नाही. बॅन्क्रॉफ्ट मोठ्याच अभिनेत्री होत्या. अन्याय एका वर्षाच्या निकालात शोधू नका, तो संधीच्या गणितात शोधा. गोऱ्या नटीसाठी दरवर्षी नव्या नायिका लिहिल्या जात होत्या. यंदा हुकले तर पुढच्या वर्षी दुसरी भूमिका तयार! कृष्णवर्णीय नटीला अशी भूमिका एकदा मिळाली, आणि हुकली की हुकली. त्याच आईच्या भूमिकेला हा पुरस्कार मिळायला २००४ साल उजाडावे लागले.

दुसरे उदाहरण याहून बोलके आहे. ऑगस्ट विल्सन यांच्या 'फेन्सेस' नाटकात रोझ नावाची पत्नी आहे. १९८७ साली ती भूमिका मेरी अ‍ॅलिस यांनी केली आणि त्यांना टोनी मिळाला, सहाय्यक अभिनेत्रीचा! २०१० साली तीच रोझ व्हायोला डेव्हिस यांनी केली आणि त्यांना टोनी मिळाला, प्रमुख अभिनेत्रीचा! नाटक तेच, बाई तीच. मग मधल्या तेवीस वर्षांत ती सहाय्यकची प्रमुख कशी झाली?

टोनीचा सर्वसाधारण नियम असा आहे की जाहिरातीत ज्याचे नाव नाटकाच्या नावाच्या वर छापले जाते तो प्रमुख, ज्याचे खाली तो सहाय्यक. समितीला यात बदल करता येतो, पण सुरुवात होते ती जाहिरातीपासून. म्हणजे स्पर्धा सुरू होण्यापूर्वीच कोण कोणत्या रांगेत उभा राहणार हे बरेचसे ठरलेले असते. रांग आधी ठरवायची आणि नंतर त्या रांगेलाच गुणवत्ता म्हणायचे, ही युक्ती आम्हाला नवी आहे काय? तिचे आपल्याकडचे नाव आम्हाला चांगले ठाऊक आहे.

व्हायोला डेव्हिस यांच्यानंतर २०१३ साली सिसिली टायसन यांना हा पुरस्कार मिळाला, वयाच्या ८८ व्या वर्षी. २०१४ साली ऑड्रा मॅकडोनाल्ड यांना मिळाला. आणि २०१५ ते २०२५ या काळात पुन्हा एकाही कृष्णवर्णीय अभिनेत्रीला नाही. तेव्हा 'एकदा दार उघडले की ते उघडेच राहते' या भ्रमात कोणी राहू नये. दारात पाय रोवून उभे राहणारे नसतील तर ते पुन्हा लागते.

आता आपल्या घरात पाहू. मराठी संगीत रंगभूमीवर बालगंधर्व शालू नेसून नायिका रंगवत होते, त्याच काळात पवळा हिवरगावकर नावाची महार समाजातील स्त्री तमाशाच्या बोर्डावर उभी होती. प्रतिष्ठितांच्या रंगभूमीला बाई चालत नव्हती, तेव्हा आमच्या बाईने फड गाजवला. मराठीतील पहिल्या अभिनेत्रींचा इतिहास लिहिताना तिचे नाव किती ठिकाणी येते?

विठाबाई भाऊ मांग नारायणगावकर. वगनाट्यात संहिता असते, पात्रे असतात, नायिका असते. तरी विठाबाई 'लोककलावंत' आणि शहरातली नटी 'अभिनेत्री'. राष्ट्रपतींच्या हस्ते गौरव होऊनही त्यांचे शेवटचे दिवस हलाखीत गेले. २००२ साली त्या वारल्या. नंतर राज्य शासनाने त्यांच्या नावाने तमाशासाठी जीवनगौरव पुरस्कार सुरू केला. रंगभूमीसाठीचा जीवनगौरव वेगळा, तो प्रभाकर पणशीकरांच्या नावाने. विठाबाईंच्या नावाच्या पुरस्काराला आमचा विरोध नाही, त्या रकमेने फडातल्या म्हाताऱ्या कलावंतांना आधार दिला आहे. पण दोन मांडवांमधली ती भिंत कोणी बांधली, हे विचारायचे नाही काय? आणि पुरस्काराच्या नावात 'नारायणगावकर' राहिले, 'मांग' गळाले. ज्या नावाने फड महाराष्ट्रभर फिरला, त्या नावातला नेमका तोच शब्द सन्मानपत्राला जड झाला!

मित्रांनो, बोट फक्त प्रस्थापितांकडे दाखवून भागणार नाही. आपल्या १४ एप्रिलच्या कार्यक्रमांतील नाटके आठवा. त्यात स्त्रीची भूमिका कोणती असते? रमाई. आणि रमाई काय करते? गोवऱ्या थापते, रडते, वाट पाहते. रमाईच्या त्यागापुढे आम्ही नतमस्तक आहोत. पण बाबासाहेबांच्या चळवळीत तेवढीच एक बाई होती काय? मुक्ता साळवे कुठे आहे, जिने १८५५ साली लहान वयात धर्माला जाब विचारला? १९४२ च्या नागपूरच्या महिला परिषदेच्या अध्यक्षा सुलोचनाबाई डोंगरे कुठे आहेत? शांताबाई दाणी, बेबीताई कांबळे कुठे आहेत? आपल्याच मंचावर आपण आपल्या बायकांना सहाय्यक अभिनेत्री करून ठेवले आहे. मग दुसऱ्याच्या पुरस्कार यादीवर कोणत्या तोंडाने बोलायचे?

'कलेला जात नसते' असे म्हणणारे भेटतील. त्यांना म्हणावे, नसेल, पण तालमीच्या जागेला भाडे असते, निर्मात्याला खिसा असतो आणि निवड समितीला डोळे असतात. या तिन्ही ठिकाणी आपण नसू, तर पुरस्काराच्या रात्री मोबाइलवर निषेध लिहून काहीही होणार नाही.

हान्सबेरीने आधी पुरस्कार मागितला नाही. तिने आधी लीना यंगर लिहिली. पंचेचाळीस वर्षांनी का होईना, तो पुरस्कार त्या लीनापर्यंत चालत आला. म्हणून येत्या जयंतीसाठी प्रत्येक वस्तीने एवढेच करावे: जिच्याभोवती सगळे नाटक फिरते अशी एक बाई लिहावी. लिहायला वस्तीतल्या मुलीला बसवावे, आणि भित्तिपत्रकावर तिचे नाव नाटकाच्या नावाच्या वर छापावे.

जय भीम!