गाळलेल्या प्रसंगांचा हिशेब



कथानक म्हणजे प्रसंगांची निवड आणि त्यांची कार्यकारणभावाने केलेली जुळणी, हे तुम्ही जाणता. निवड म्हटली की गाळणे आलेच. गाळलेल्या प्रसंगाने केवळ लांबी कमी होते, असा सर्वसाधारण समज आहे. वस्तुतः त्यामुळे उरलेल्या प्रसंगांचा अर्थही बदलतो. जेम्स कॅमेरॉन यांच्या 'टायटॅनिक' (१९९७) या आपत्तिपटातून चित्रीकरणानंतर गाळलेले तीन प्रसंग या दृष्टीने पाहण्याजोगे आहेत.

पहिला प्रसंग वृद्ध रोझचा आहे. मूळ शेवटात ती हिरा समुद्रात टाकण्यापूर्वी शोधपथकातील माणसे तिच्यापाशी पोहोचतात आणि जीवनाच्या मोलाविषयी संवाद होतो. प्रदर्शित चित्रपटात ती एकटीच, काही न बोलता हिरा सोडून देते. कृतीतून उमगणारा आशय शब्दांत पुन्हा सांगण्याचे कारण नव्हते. ही काटछाट निःसंशय योग्य ठरते.

दुसरा प्रसंग 'कॅलिफोर्नियन' या जवळच्या जहाजावरील आहे. त्याच्या बिनतारी यंत्रचालकाने बर्फाची सूचना दिली, तेव्हा टायटॅनिकच्या चालकाने त्याला गप्प राहण्यास सांगितले. पुढे त्याने यंत्र बंद केले आणि तो झोपला. थोड्याच वेळात, १४ एप्रिल १९१२ रोजी रात्री ११.४० वाजता, टायटॅनिक हिमनगावर आदळले. प्रसंग गाळल्यामुळे बुडत्या जहाजाचे एकाकीपण गडद झाले. परंतु मदत हाकेच्या अंतरावर असूनही ती का आली नाही, हा प्रश्नच कथेतून नाहीसा झाला. 'अ नाइट टू रिमेंबर' (१९५८) या चित्रपटाने हा धागा राखला होता. म्हणून तेथे आपत्तीला मानवी जबाबदारीची बाजू लाभते.

तिसरा प्रसंग मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो. तरंगत्या लाकडावरील एका चिनी प्रवाशाला बचावनौका वर घेते, असा तो प्रसंग होता. त्याला वास्तवाचा आधार आहे: टायटॅनिकवरील आठ चिनी प्रवाशांपैकी सहा वाचले होते. रोझच्या सुटकेआधी दुसऱ्याची सुटका दाखवली, तर नायिकेवरील लक्ष विचलित होते, असे समर्थन करता येईल. तरीही दीड हजार मृतांच्या कथेत एका अनामिकाला क्षणभर चेहरा मिळाला असता, तर आपत्ती केवळ एका प्रेमकथेची पार्श्वभूमी राहिली नसती. येथे कथा रेखीव झाली, पण तिची सहानुभूती आखडली.

तेव्हा एखाद्या कादंबरीची संक्षिप्त आवृत्ती वाचताना, किंवा स्वतःच्याच लेखनावर कात्री चालवताना, तीन प्रश्न विचारा: गेले ते पुनरुक्त होते काय? त्याबरोबर एखादे कारण गेले काय? आणि एखादा माणूस गेला काय? पहिल्याचे उत्तर होकारार्थी असेल, तर निर्धास्तपणे गाळा. उरलेल्या दोहोंपैकी एकाचेही तसे असेल, तर मात्र हात आवरा आणि पुन्हा वाचा.