दावा चालू असताना विकलेले घर

बाईने पोटगीचा दावा लावला की सासरची माणसे वकिलाच्या आधी गिऱ्हाईक शोधू लागतात, हा अनुभव आपल्यापैकी बहुतेकींना आहे. राहते घर विकले जाते, नाहीतर गहाण पडते. मग बाई विचारते, “आता निकाल लागून तरी काय उपयोग?” आणि आपणही हताश होतो. पण कायदा इतका दुबळा नाही. तो आपल्याला वेळेवर माहीत असायला हवा.

मालमत्ता हस्तांतरण कायदा, १८८२ याचे कलम ५२ सांगते की एखाद्या स्थावर मिळकतीवरचा हक्क दाव्यात प्रत्यक्ष वादाचा विषय असेल, तर दावा दाखल झाल्यापासून हुकूमनाम्याची पूर्ण अंमलबजावणी होईपर्यंत पक्षकाराने केलेली विक्री किंवा गहाण दुसऱ्या पक्षाच्या हक्काला बाधा आणू शकत नाही. असा व्यवहार रद्द होत नाही. तो दाव्याच्या निकालाला बांधलेला राहतो. सर्वोच्च न्यायालयाने १९५६ साली नागुबाई अम्मल विरुद्ध शामा राव या खटल्यात हेच स्पष्ट केले. त्या वादाच्या मुळाशी एका विधवेने लावलेला पोटगीचा दावाच होता. पोटगीचा बोजा मिळकतीवर ठेवावा, अशी तिची मागणी होती.

ही मागणीच कळीची आहे. ‘दरमहा अमुक रुपये द्यावेत’ एवढाच अर्ज असेल तर कलम ५२ लागू होत नाही. त्याच कायद्याच्या कलम ३९ प्रमाणे पोटगीचा हक्क खरेदीदाराविरुद्धही बजावता येतो, पण पैसे मोजून घेणाऱ्याला त्या हक्काची माहिती नसेल तर तो सुटतो. दाव्यात मात्र घराचा गट किंवा घर क्रमांक, चतुःसीमा देऊन बोजा मागितला असेल, तर ‘मला माहीत नव्हते’ हे उत्तर सहसा चालत नाही. बृहन्मुंबईत मात्र १९३९ च्या दुरुस्तीमुळे दाव्याची नोटीस दुय्यम निबंधकाकडे नोंदवावी लागते. ती नोंदवली नसेल तर हे संरक्षण मिळत नाही. इतर ठिकाणी काय लागू आहे ते वकिलाला विचारून घ्यावे. आणि एक लक्षात ठेवावे: दाव्यापूर्वीच बँकेकडे पडलेले गहाण सामान्यतः आपल्या बोजाच्या पुढेच राहते.

आता दुसरी बाजू. असे घर विकत घेणारी पुष्कळदा आपल्यासारखीच बाई असते. बचत गटाचे पैसे, मोडलेले दागिने, भावाकडून घेतलेली उसनवारी तिने त्यात घातलेली असते. मालकाने घर गहाण ठेवलेले आहे, बँकेने दावा लावलेला आहे, हे तिला कुणी सांगितलेलेच नसते. तिचे काय?

तिलाही हक्क आहेत. गहाण मिळकत विकत घेणाऱ्याला कर्ज फेडून मिळकत सोडवण्याचा अधिकार आहे (कलम ९१). दिवाणी दाव्यात हा अधिकार लिलावाची विक्री कायम होईपर्यंत टिकतो. बँक २००२ च्या सरफेसी कायद्याने वसुली करत असेल तर मुदत फार आखूड आहे. २०१६ च्या दुरुस्तीनंतर लिलावाची नोटीस प्रसिद्ध होण्यापूर्वीच पूर्ण रक्कम भरावी लागते. दाव्यात आपल्याला सामील करून घ्यावे, असा अर्ज ती कोर्टाकडे करू शकते. विकणाऱ्याने स्वस्थ बसून दावा हरू दिला तर निदान तिचे म्हणणे कोर्टासमोर येते. आणि वेगळे काही ठरले नसेल, तर विक्रीच्या वेळी असलेले बोजे फेडण्याची जबाबदारी कलम ५५ प्रमाणे विकणाऱ्याचीच असते. त्याच्याकडून पैसे मागण्याचा तिचा हक्क जात नाही. निकालानंतर ताबा देण्याच्या वेळी आडवे पडण्याचा हक्क मात्र तिला नाही. तेवढ्यापर्यंत थांबले तर फार उशीर होतो.

अशा वेळी घर सोडायला न तयार असलेली पत्नी आणि कष्टाचे पैसे अडकलेली खरेदीदार एकमेकींच्या दारात भांडत उभ्या राहतात. पैसे घेऊन बाजूला झालेला माणूस दोघींनाही दिसत नाही. आपण कार्यकर्त्यांनी तरी त्याच्यावरची नजर हलू देऊ नये. पत्नीचा हक्क आधी, हे कायदा सांगतो आणि आपणही त्यावर ठाम राहावे. पण खरेदीदार बाईला हाकलून न देता तिची वसुली विकणाऱ्याकडून कशी होईल, हेही आपल्याच सल्ला केंद्राचे काम आहे.

पोटगीचा अर्ज लिहिताना मिळकतीचा तपशील, बोजाची मागणी आणि विक्रीविरुद्ध मनाई हुकमाची मागणी पहिल्याच दिवशी घालावी. २००५ च्या कौटुंबिक हिंसाचार कायद्याखालीही राहते घर विकण्यास मनाई मागता येते. आणि बचत गटातली कुणी घर घेत असेल तर सातबाराचा ‘इतर हक्क’ रकाना, दुय्यम निबंधकाकडची सूची आणि तालुक्याच्या कोर्टातले दावे पाहिल्याशिवाय विसारसुद्धा देऊ नये. पुढच्या बैठकीत प्रत्येक गटाने एवढे तरी वाचून समजून घ्यावे.