पडद्यावरील जुळारी

कंपॉझिटर हा शब्द मराठी घरांत नवा नाहीं. छापखान्यांत खिळ्यांच्या खणांपुढें उभा राहून एकेक अक्षर उचलणारा, अक्षरांतून ओळ आणि ओळींतून पान सिद्ध करणारा जो जुळारी, त्यास आपल्याकडे पिढ्यान्‌पिढ्या याच नांवानें ओळखीत आले. वाचकास ग्रंथकार ठाऊक असे, जुळारी ठाऊक नसे. त्याची चूक मात्र तत्काळ डोळ्यांत भरे. आज हेंच नांव चित्रपटाच्या धंद्यांतील एका कारागिरास मिळालें आहे. आणि नवल असें कीं, नांवाबरोबर त्या जुन्या जुळाऱ्याचें नशीबही त्याच्या वांट्यास आलें आहे.

हा नवा कंपॉझिटर अक्षरांऐवजीं चित्रें जुळवितो. नट हिरव्या पडद्यापुढें उभा राहून बोलतो. समुद्र दुसऱ्याच ठिकाणीं टिपलेला असतो. वादळाचे ढग संगणकावर घडविलेले असतात. हे सारे तुकडे एका चौकटींत असे बसवावयाचे कीं, ते एकाच वेळीं आणि एकाच सूर्याखालीं होते असें पाहणारास वाटावें, हें त्याचें काम. चित्रपटांत एका सेकंदास २४ चित्रें पडद्यावरून जातात. म्हणजे दहा सेकंदांच्या दृश्यासाठीं २४० चित्रें निर्दोष व्हावीं लागतात. उडत्या केसांची कड, पायाखालची सावली, दूरच्या डोंगरावरील धूसरपणा, यांपैकीं एक जरी चुकलें तरी प्रेक्षकाचा विश्वास उडतो. काय चुकलें हें त्यास सांगतां येत नाहीं, पण कांहीं तरी चुकलें हें त्यास कळतें.

हल्लीं पुष्कळ मुलांस या धंद्याची ओढ लागली आहे, आणि त्याबरोबर स्वतःचा लघुपट काढण्याची हौसही. पालकांच्या मनांत अशा वेळीं दोन शंका येतात. यांत पोट भरेल काय, ही पहिली. आणि जें घडलें नाहीं तें घडलें असें दाखविणें ही शिकण्याजोगी विद्या आहे काय, ही दुसरी. दोन्ही शंका रास्त आहेत. आमचें मत थोडक्यांत असें आहे कीं, या वाटेनें जाणाऱ्यानें चाकरींतील कारागिरी आणि स्वतःचा लहानसा लघुपट हीं दोन्ही बरोबरच चालवावीं. एकावांचून दुसरें लंगडें आहे.

ही विद्या कालपरवांची नव्हे. फ्रान्समध्यें जॉर्ज मेलिएस या जादूगारानें १८९८ सालीं स्वतःचेंच डोकें पुनःपुन्हां काढून मेजावर ठेवलेलें दाखविलें, आणि १९०० सालीं एकट्यानेंच सात वादक होऊन एका रंगमंचावर वाद्यें वाजविलीं. एकच फीत अनेकदां यंत्रांतून फिरवावयाची आणि प्रत्येक वेळीं चौकटीचा उरलेला भाग काळा ठेवावयाचा, हें त्यांतील मर्म. आपल्याकडे दादासाहेब फाळके यांनीं १९१७ सालच्या ‘लंकादहन’ चित्रपटांत हनुमंतास आकाशांतून नेलें, तेंही अशाच युक्तीनें.

पुढें संगणक आला. १९७७ च्या सुमारास एड कॅटमल व आल्व्ही रे स्मिथ या अमेरिकन संशोधकांनीं चित्राच्या प्रत्येक बिंदूस तांबड्या, हिरव्या व निळ्या रंगांच्या मापांबरोबर एक चौथें माप जोडलें: तो बिंदु किती झांकलेला आणि किती पारदर्शक. केसानें बिंदूचा पाऊण भाग व्यापला असेल तर रंगाचे तीन हिस्से केसाचे घ्यावयाचे आणि एक हिस्सा मागील आकाशाचा. १९८४ सालीं टॉमस पोर्टर व टॉम डफ यांनीं एका चित्रावर दुसरें चित्र ठेवण्याचें सर्व गणित पद्धतशीर मांडलें, आणि आजचा कंपॉझिटर त्याच पायावर उभा आहे. बीजगणिताचा पुढें काय उपयोग, असें विचारणाऱ्या विद्यार्थ्यानें हें ध्यानांत ठेवावें.

आतां पहिल्या शंकेचा विचार करूं. काम आहे, यांत संशय नाहीं. परदेशांतील मोठमोठ्या चित्रपटांच्या जुळणीचें बरेंच काम आज मुंबई, हैदराबाद, बंगळूर या शहरांत होतें. परंतु काम आहे म्हणजे स्थैर्य आहे असें नव्हे. २०१३ सालच्या फेब्रुवारींत ‘लाइफ ऑफ पाय’ या चित्रपटास दृश्यकरामतींचें ऑस्कर पारितोषिक मिळालें. त्यांतील वाघ बहुतेक दृश्यांत संगणकावर घडविलेला होता. तो घडविणाऱ्या ‘रिदम अँड ह्यूज’ या कंपनीनें त्याच महिन्यांत दिवाळखोरीसाठीं अर्ज केला होता. आंत पारितोषिक दिलें जात असतां बाहेर रस्त्यावर त्याच धंद्यांतील कारागीर निदर्शनें करीत होते. ज्यांची नांवें प्रेक्षक उठून गेल्यावर पडद्यावरून सरकतात, त्यांची किंमत बाजारांतही अशीच उशिरां कळते. मुलानें या धंद्यांत पाऊल टाकण्यापूर्वीं ही गोष्ट त्यास आणि त्याच्या वडिलांस ठाऊक असली पाहिजे.

मग उपाय काय? आम्हांस तो लघुपटांत दिसतो. इंग्लंडमधील गॅरेथ एडवर्ड्‌स हे कित्येक वर्षें दूरचित्रवाणीच्या कार्यक्रमांसाठीं घरच्या संगणकावर अशींच दृश्यें जुळवीत असत. २००८ सालीं, ४८ तासांत लघुपट तयार करण्याच्या लंडनमधील एका स्पर्धेंत त्यांचा लघुपट पहिला आला. २०१० सालच्या ‘मॉन्स्टर्स’ या चित्रपटाचें लेखन, दिग्दर्शन व छायाचित्रण त्यांनींच केलें, आणि करामतीचीं सुमारें २५० दृश्येंही स्वतः जुळविलीं. त्यानंतर ‘गॉडझिला’ (२०१४) सारखा प्रचंड चित्रपट त्यांच्या हातीं आला. सर्वांस असें यश मिळेल असें आम्ही म्हणत नाहीं. तथापि दुसऱ्याचीं दृश्यें जुळवितांना मिळालेली दृष्टि त्यांनीं स्वतःची गोष्ट सांगण्यास लावली, हें मुख्य. अमेरिकन मिशनच्या छापखान्यांत लहानपणीं खिळे घासणारे जावजी दादाजी पुढें निर्णयसागराचे स्वामी झाले. हाताखालचें काम मन लावून शिकलें तर तें हातांत राहतें, एवढाच त्याचा अर्थ. लघुपटानें पैसा क्वचितच मिळतो. परंतु चाकरींत ज्याचें नांव कोणी वाचीत नाहीं, त्यास आपणांस स्वतःचें कांहीं सांगावयाचें आहे याची आठवण तो राखतो. आणि चाकरी त्यास शिस्त व भाकर देते.

दुसरी शंका अधिक खोल आहे. कीर्तनकार एका उपरण्याच्या बळावर राम होतो आणि रावणही होतो. त्यास कोणी लबाड म्हणत नाहीं, कारण सांगणारा व ऐकणारा यांच्यांत करार असतो. चित्रपटाचा करारही तोच. परंतु जिवंत मनुष्याच्या तोंडीं त्यानें न बोललेले शब्द घालून तें चित्र बातमी म्हणून फिरविणें, हें आज सहज साध्य झालें आहे. आणि ती कला नव्हे, ती खोटी साक्ष होय. साधन एकच, हेतूनें त्याची जात बदलते.

उलट याच साधनानें सत्यही दाखवितां येतें. दादासाहेब फाळके यांनीं आपला पहिला मोठा चित्रपट काढण्यापूर्वीं, १९१२ सालीं, कुंडींत वाटाणा पेरला आणि तो उगवून वाढेपर्यंत दररोज त्याचें चित्र घेतलें. तीं चित्रें सलग दाखवितांच रोप डोळ्यांदेखत वाढूं लागलें. तो लघुपट जेमतेम मिनिटाचा. पण कोणाच्याही डोळ्यास दिसत नाहीं असें सत्य त्यानें दाखविलें, आणि तो पाहूनच फाळक्यांस भांडवल देण्यास माणसें पुढें आलीं. पुढें सरस्वतीबाईंनीं आपले दागिने दिले आणि फितीच्या कामांत स्वतः हातभारही लावला. घरच्यांचा विश्वास हेंही या कलेंतील एक भांडवल आहे.

तेव्हां पालकांस आमची विनंती अशी कीं, मुलाची ही आवड छंद म्हणून झटकूं नये, आणि झगमगाटास भुलून शाळा सोडण्याची मुभाही देऊं नये. चित्रकला, पदार्थविज्ञानांतील प्रकाशाचा भाग, गणित आणि स्वच्छ मराठी, ही या धंद्याची खरी शिदोरी आहे. कड कापण्यासारखीं कष्टाचीं कामें आज यंत्रें अधिकाधिक करूं लागलीं आहेत. जुळलें कीं नाहीं हें ओळखणारी दृष्टि मात्र अभ्यासानेंच येते.

आणि विद्यार्थिमित्रहो, आरंभ आजच करतां येईल. सकाळीं आणि दुपारीं अंगणांतील एकाच झाडाची सावली पहा. ती कोठून कोठें गेली, किती निळसर झाली, हें वहींत लिहून ठेवा. नंतर आपल्या गल्लींतील एखादी खरी गोष्ट तीन मिनिटांत सांगून पहा. त्यांत करामत थोडी असली तरी चालेल. गोष्ट मात्र तुमची असूं द्या.