निष्काळजीपणा कोणाचा, भुर्दंड कोणाला?

रेल्वेच्या डब्यातून पडून प्रवासी दगावला, तर आत्महत्या, नशा असे मोजके अपवाद वगळता रेल्वे कायद्याचे कलम 124-अ त्याच्या वारसांना रेल्वेचा दोष सिद्ध करावयास सांगत नाही. 2017 पासून ही भरपाई 8 लाख रुपये आहे. तोच मनुष्य सुखरूप उतरून स्टेशनाबाहेर ट्रकखाली सापडला, की पूर्ण भरपाईसाठी त्याच्या विधवेने ट्रकचालकाचा निष्काळजीपणा सिद्ध करावा, अशी आपल्या मोटार वाहन कायद्याची अपेक्षा असते. अर्थशास्त्राचा विद्यार्थी आणि केंद्र सरकारचा नोकर या दोन्ही नात्यांनी मला हा भेद असमर्थनीय वाटतो. (मत अर्थात माझे, सरकारचे नव्हे.)

घरापासून दूर राहणाऱ्या मराठी माणसाला तर हा भेद अधिकच झोंबतो. समजा, सांगलीकडचा बत्तीस वर्षांचा एक तरुण बद्दीच्या औषध कारखान्यात दरमहा 25,000 रुपयांवर नोकरी करतो. बद्दी हिमाचलात. अपघात झिरकपूरला, म्हणजे पोलीस पंजाबचे आणि कागदपत्रे गुरुमुखीत. मृत्यू पीजीआयमध्ये, म्हणजे शवविच्छेदन चंडीगडचे. ट्रकची नोंदणी हरियाणातली. कलम 166 विधवेला ती स्वतः राहते तेथे, म्हणजे सांगलीच्या न्यायाधिकरणातही, दावा दाखल करण्याची मुभा देते. परप्रांतात राहणाऱ्या प्रत्येक कुटुंबाने ही तरतूद ध्यानात ठेवावी. पण अपघात पाहिलेला माणूस झिरकपूरचा चहावाला. तो आपली टपरी बंद करून सांगलीस साक्षीला कसा जाणार? विमा कंपनीचे वकील मात्र नेमके तेच विचारणार, की ट्रक भरधाव होता हे पाहिले कोणी? फौजदारी खटल्याइतका कडक पुरावा येथे मागू नये, संभाव्यतेचे पारडे कोठे झुकते एवढेच पाहावे, असे सर्वोच्च न्यायालयाने 2009 साली हिमाचलच्या परिवहन महामंडळाविरुद्धच्या प्रकरणात सांगितले. परंतु पारडे झुकवण्यासाठीसुद्धा त्यात काहीतरी टाकावे लागतेच.

आता आकडे पाहू. या तरुणाचे वार्षिक उत्पन्न 3 लाख. नोकरी कायम स्वरूपाची नसल्यास भावी वाढीपोटी 40 टक्के मिळवून 4,20,000. पत्नी व दोन मुले अवलंबून असल्याने त्याचा स्वतःचा खर्च म्हणून एक तृतीयांश वजा करता 2,80,000. या वयाला गुणक 16, म्हणजे 44,80,000 रुपये. हे सारे चालकाचा दोष सिद्ध झाला तर. तो सिद्ध न करता कलम 164 खाली मिळतात 5 लाख, आणि ते स्वीकारले की कलम 166 चा दावा संपुष्टात येतो. जुन्या कलम 140 ची विनादोष भरपाई 1994 पासून 50,000 वर गोठलेली, तुटपुंजी होती खरी; पण ती मूळ दाव्याच्या आड येत नसे. 2019 च्या दुरुस्तीने ती 1 एप्रिल 2022 पासून काढून टाकली आणि दाव्याला 6 महिन्यांची मुदत पुन्हा घातली. मुदतीच्या वैधतेचा वाद सर्वोच्च न्यायालयात गेला आहे. मात्र ज्या घरात उद्याच्या किराण्याची विवंचना आहे, तेथे आजचे 5 लाख की कधीतरीचे 45 लाख, याला निवड म्हणणे ही क्रूर थट्टा आहे.

दोष सिद्ध करण्याच्या अटीमागे एक आर्थिक तर्क सांगितला जातो: चुकीची किंमत चुकणाऱ्याने मोजली, तर तो पुढे सावध राहील. तर्क उत्तम आहे, पण सक्तीच्या त्रयस्थ पक्ष विम्याने त्याचा पायाच काढून घेतला आहे, कारण पैसे चालक देत नाही, विमा कंपनी देते. बरे, हप्त्यातून तरी चालकाला चिमटा बसावा! तोही नाही. ‘नो क्लेम बोनस’ मिळतो तो स्वतःच्या गाडीच्या नुकसानीच्या हप्त्यावर. स्वतःचा बंपर विम्यातून बदलून घेतला तर बोनस जातो. माणूस मारला तर त्रयस्थ पक्ष विम्याचा हप्ता एका रुपयानेही वाढत नाही. खासगी मोटारीस तो इंजिनाच्या क्षमतेवर ठरतो. 2022 च्या अधिसूचनेनुसार 1,000 सीसीपर्यंत 2,094 रुपये आणि 1,500 सीसीच्या वर 7,897 रुपये. म्हणजे दोषाची चौकशी वर्षानुवर्षे चालते, आणि तिचा उपयोग विधवेचे पैसे अडवण्यापलीकडे कशालाही होत नाही.

विमा कंपनीचे दायित्व ठरवण्यातही हाच प्रकार. चालकाकडे योग्य परवाना नव्हता, हा कंपन्यांचा आवडता बचाव. मालकाचा स्वतःचा कसूर कंपनीने सिद्ध करावा, आणि तसा तो झाला तरी कंपनीने आधी पैसे देऊन मग मालकाकडून वसूल करावेत, हा मार्ग न्यायालयाने 2004 साली नॅशनल इन्शुरन्सच्या प्रकरणात रूढ केला. तरीही हलक्या वाहनाचा परवाना असलेल्याने 7,500 किलोपर्यंतचे मालवाहू वाहन चालवावे की नाही, हा वाद 2017 च्या निकालाने मिटला नाही. चालवता येते, हे घटनापीठाला नोव्हेंबर 2024 मध्ये पुन्हा सांगावे लागले. मेलेल्या माणसाचा या वादाशी संबंध काय होता?

दोषाची अट काढल्यास बेदरकारांना मोकळे रान मिळेल, असा आक्षेप येईल. शिक्षेसाठी भारतीय न्याय संहितेचे कलम 106 आहे. ते नीट राबवावे. हप्ते वाढतील, हा आक्षेप मात्र खरा आहे. वाढतीलच. पण तो खर्च आज अस्तित्वात नाही असे थोडेच आहे? तो आज सांगलीतले एक कुटुंब एकटे सोसते आहे, आणि जोखीम अनेकांत वाटणे यासाठीच तर विमा असतो.

अपघातग्रस्तांवर रोखरहित उपचारांची योजना प्रायोगिक तत्त्वावर प्रथम आमच्या चंडीगडमध्येच 14 मार्च 2024 रोजी सुरू झाली, आणि मे 2025 मध्ये ती देशभर लागू झाली. 7 दिवसांपर्यंत, दीड लाखाच्या मर्यादेत उपचार. चूक कोणाची, हे रुग्णालय विचारत नाही. मग तोच जखमी दगावल्यावर हा प्रश्न त्याच्या पत्नीला का विचारावा? कलम 166 मध्ये दुरुस्ती करून तिच्याकडे अपघात, मृत्यू आणि अवलंबित्व एवढ्याचाच पुरावा मागावा. गुणकाने ठरलेली पूर्ण रक्कम कंपनीने द्यावी. त्यानंतर चालकाचा निष्काळजीपणा ज्याला सिद्ध करावयाचा आहे त्या कंपनीने तो खुशाल करावा, तिच्याकडे वकील आहेत. आणि सिद्ध झाला, तर मालकाचा पुढील हप्ता वाढवावा.